दुओमोच्या वहीत कुणाकुणाची नावं

मागच्या महिन्यात बँकेच्या कर्जफेडीवर बोलले, तेव्हा बोलता बोलता एक वाक्य निसटलं होतं, की आम्ही दोघी इटलीला जाऊन आलो. त्यानंतर रेडिओ केंद्रावर कर्जफेडीबद्दल दोन फोन आले आणि इटलीबद्दल सतरा. म्हणून आज त्यातल्या एका दुपारबद्दल सांगते. वाकळा किती खपल्या, काय भावानं गेल्या, तो हिशोब मी प्रत्येक गटाच्या बैठकीत वाचून दाखवणारच आहे.

इटलीच्या उत्तरेला मिलान नावाचं मोठं शहर आहे. तिथं दर डिसेंबरला देशोदेशीच्या हस्तकलेची जत्रा भरते. त्यात आपल्या वाकळांना एका स्टॉलचा कोपरा मिळाला होता. गेलो आम्ही दोघी. मी, कारण मला मोडकंतोडकं का होईना इंग्रजी येतं. आणि शेजारच्या गावच्या गटाच्या अध्यक्षा, वय वर्षं अठ्ठावन्न, त्यांना आपण सगळ्या मावशीच म्हणतो, कारण त्यांच्यासारखा टाका तालुक्यात कुणाचा नाही. नऊ दिवस उभं राहून पायांचे खांब झाले. जत्रा उठली आणि विमानाला एक दिवस मोकळा मिळाला. मावशी म्हणाल्या, "एवढ्या लांब आलोय तर इथला देव तरी बघून जाऊ."

मिलानचं मोठं चर्च म्हणजे दुओमो. हे नाव 'घर' या अर्थाच्या जुन्या लॅटिन शब्दावरून आलंय, म्हणजे देवाचं घर. आपलं 'देऊळ' तरी दुसरं काय? अशा चर्चला कॅथेड्रल म्हणतात. त्या भागाचे मुख्य धर्मगुरू, म्हणजे बिशप, यांचं आसन ज्या चर्चमध्ये असतं ते कॅथेड्रल. ते लहान असो की मोठं, आसन असलं की झालं. मिलानचं मात्र मोठंच आहे. लांबी 158 मीटर आणि सगळ्यात उंच कळस 108 मीटरांच्या वर.

प्रार्थनेला येणाऱ्यांसाठी एक भाग फुकट मोकळा असतो. बाकीचं बघायचं तर तिकीट. तिकीट काढून आपलं आपण फिरता येतं, पन्नास माणसांच्या मोठ्या घोळक्यात जाता येतं, नाहीतर दहा-बारा जणांच्या लहान गटाबरोबर गाईड घेता येतो. लहान गटाचं भाडं जास्त. आम्ही घेतलेल्या फेरीचे माणशी पस्तीस युरो झाले, म्हणजे तीन हजार रुपयांच्या वर. इथं आमचं वाजलं. मी म्हटलं, नुसतं तिकीट काढू, आत तर जायचंय. मावशी म्हणाल्या, "मागं वेरूळला तशीच गेले होते. दगड बघितले नि आले. कुणी सांगणारं नव्हतं. आता इथंही दगडच बघू का?" गटाच्या पैशाला हात लावायचा नाही हे दोघींनाही पक्कं होतं. रोजच्या जेवणाचा जो भत्ता होता, त्यातला आम्ही हॉटेलात न जाता सोबत नेलेल्या दशम्या आणि शेंगदाण्याच्या चटणीवर वाचवला होता. त्यातून दोघींनी आपापले भरले. ज्यांनी आपसांत "गटाच्या पैशानं इटली फिरल्या" अशी कुजबुज केलीय, त्यांनी पावती बघायला यावं, फाइलला लावून ठेवलीय.

आता फेरी कशी असते ते सांगते. तिकिटावर वेळ छापलेली असते. त्या वेळेला चौकातल्या ठरलेल्या जागी गाईड छोटं निशाण घेऊन उभी असते. आमची गाईड चाळिशीची बाई होती, गळ्यात ओळखपत्र. इटलीत कुणीही उठून गाईड होत नाही, परीक्षा देऊन परवाना काढावा लागतो. प्रत्येकाला गळ्यात अडकवायला एक लहानसं यंत्र आणि कानात घालायची गुंडी दिली. ती हळू आवाजात बोलते आणि आपल्या कानात ऐकू येतं. प्रार्थना करणाऱ्यांना त्रास नको म्हणून आत गटांना हे वापरावंच लागतं. मावशी गुंडी कानात घालून म्हणाल्या, "हा तर आपला रेडिओच की!"

दारात सैनिक असतात, पिशव्या तपासतात. मोठी बॅग आत नेऊ देत नाहीत. खांदे आणि गुडघे झाकलेले हवेत, ते नियम बायका-पुरुष दोघांनाही. आमच्या नऊवारी आणि पाचवारीला कोण हरकत घेणार! पण मावशी दारातच थांबल्या. चपला कुठं काढायच्या? गाईडनं सांगितलं, इथं पायातलं काढत नाहीत, पुरुष डोक्यावरची टोपी काढतात. मावशींना ते काही पटलं नाही. नंतर एका खांबाआड त्यांनी गुपचूप बूट काढले, मोजे घातलेल्या पायांनी मिनिटभर उभ्या राहून हात जोडले आणि पुन्हा बूट चढवले. डिसेंबरातला संगमरवर, बर्फ बरा.

आत जाण्याआधी गाईडनं बाहेर चौकात उभं करून इमारतीची कुळकथा सांगितली होती. काम सुरू झालं 1386 साली. म्हणजे ज्ञानेश्वर माऊलींनी समाधी घेतली त्यानंतर नव्वद वर्षांनी. आणि शेवटचं दार बसलं 1965 साली! जवळजवळ पावणेसहाशे वर्षं. मिलानमध्ये एखादं काम संपता संपत नसलं, की लोक म्हणतात हे दुओमोच्या कामासारखं झालं. आपण मारुतीचं शेपूट म्हणतो तसं. समोरची भिंत तर नेपोलियननं रेटून पुरी करून घेतली. त्यानं 1805 साली इथंच इटलीचा राजा म्हणून डोक्यावर मुकुट ठेवला.

सुरुवातीला भिंती विटांच्या होणार होत्या. त्या मुलखात विटांचंच बांधकाम चाले. पण तिथला सत्ताधीश जान गालेआत्सो विस्कोंती याला भव्य काम हवं होतं. त्यानं कांदोलिया नावाच्या डोंगरातली संगमरवराची खाण या कामासाठी वापरायला दिली. दगड पांढरा, त्यात गुलाबी झाक. खाण मिलानपासून शंभरेक किलोमीटर लांब आणि त्या काळी ना ट्रक ना रेल्वे. मग दगड आणायचा कसा? पाण्यातून. डोंगरातून नदी, नदीतून मोठं तळं, तळ्यातून दुसरी नदी आणि तिथून मिलानपर्यंत खोदलेला कालवा. तराफ्यांवर दगड लादून तो पार चर्चच्या जवळ आणत. वाटेत जकातनाके होते. पण या दगडांवर तीन अक्षरं कोरलेली असत, 'ए यू एफ', म्हणजे 'फाब्रिकाच्या वापरासाठी'. ती अक्षरं दिसली की जकात माफ. तिथं फुकटात मिळालेल्या वस्तूला एक शब्द आहे, तो या अक्षरांवरूनच आला असं मिलानचे लोक सांगतात.

हा 'फाब्रिका' शब्द नीट ऐका, कारण पुढं तोच महत्त्वाचा आहे. 1387 साली बांधकामाचा कारभार बघायला एक संस्था नेमली, तिचं नाव वेनेरांदा फाब्रिका देल दुओमो. फाब्रिका म्हणजे कारखाना, पण आजच्या अर्थानं नव्हे. आपल्याकडे शिवकाळात अठरा कारखाने म्हणत, तसं एकेका कामाचं खातं. दगड आणणं, गवंडी आणि मूर्तिकार नेमणं, मजुरी देणं, देणग्या घेणं, सगळं तिच्याकडे. ही संस्था आजही चालू आहे. खाणही आजपर्यंत याच इमारतीच्या कामाला येते.

आत गेलं की पहिल्यांदा काही सुचत नाही. दगडी खांबांचं रानच. एकूण 52 खांब, वर्षाच्या आठवड्यांइतके, असं गाईड मोजून सांगतात. मान मोडेपर्यंत वर बघावं लागतं. खिडक्यांना रंगीत काचा, त्यात बायबलातल्या गोष्टी चितारलेल्या. ज्यांना वाचता येत नव्हतं त्यांच्यासाठी ही चित्रांची पोथी.

दाराजवळ जमिनीत पितळेची एक लांब पट्टी बसवलेली दिसली. ही 1786 साली खगोलशास्त्राच्या अभ्यासकांनी बसवली. छतात एक बारीक भोक आहे. बरोबर दुपारच्या वेळी त्यातून आलेला उन्हाचा कवडसा त्या पट्टीवर पडतो. बाजूला मेष, वृषभ अशा राशी कोरल्यात, सूर्य कोणत्या राशीत आहे तेही कळतं. थंडीत सूर्य खाली असतो म्हणून कवडसा लांब जातो, इतका की पट्टी समोरच्या भिंतीवरही चढवावी लागलीय आणि मकर रास तिथं वर आहे. मावशींनी लगेच बोट दाखवलं, "ही आपली संक्रांत." त्या दिवशी मात्र आभाळ भरलेलं होतं, कवडसा काही दिसला नाही.

एक मूर्ती बघून मी दचकले. माणूस उभा आहे आणि खांद्यावरून काहीतरी वस्त्र घेतलंय. जवळ गेल्यावर कळतं की ते वस्त्र नाही, त्याची स्वतःचीच कातडी आहे. हे संत बार्थोलोम्यू. धर्मासाठी त्यांची जिवंतपणी कातडी सोलली, अशी कथा आहे. मूर्ती 1562 ची, मार्को द'अग्राते या मूर्तिकाराची. शरीरातली एकेक शीर आणि स्नायू दाखवलाय. हे संत हिंदुस्थानात येऊन गेले अशी जुनी ख्रिस्ती परंपरा सांगते आणि काही अभ्यासक ती जागा आपलं कोकणातलं कल्याण असावं असं मानतात. मावशी त्या मूर्तीकडं फार वेळ बघत नव्हत्या. "एवढं सोसलेल्याला तसंच उभं ठेवलंय, अंगावर घालायला तरी द्यावं," एवढंच म्हणाल्या.

आणि मग मावशींनी तो प्रश्न विचारला. मोठ्या घोळक्यात असतो तर विचारताच आला नसता, तिथं गाईड पुढं आणि शेवटचा माणूस पन्नास पावलं मागं. इथं आम्ही अकरा जण होतो. मी मावशींना हळू आवाजात मराठीत सांगत होते, त्यासाठी गाईड मधे मधे थांबायची. मावशी मला म्हणाल्या, "विचार तिला, पैसा कुणाचा लागला? आणि वही कुणी ठेवली?"

मी विचारलं. गाईड हसली, म्हणाली, हा प्रश्न फार कमी लोक विचारतात. तिला पुढं जे दाखवायचं होतं ते सोडून ती आम्हाला बाजूला घेऊन बोलू लागली.

सत्ताधीशानं खाण दिली, मोठ्या देणग्याही दिल्या, म्हणून त्याचं नाव सगळ्यांना माहीत. पण त्याच्या तिजोरीवर हे काम उभं राहिलं नाही. शहरातल्या आणि आसपासच्या साध्या लोकांच्या लहान लहान देणग्या गोळा होत राहिल्या. ज्याच्याकडे नाणं नाही तो वस्तू आणून द्यायचा, कापड, धान्य, अंगावरचा दागिना. वस्तूंचा लिलाव करून पैसा कामाला लावायचे. सुरुवातीला पाया खणताना निरनिराळ्या धंद्यांचे लोक आळीपाळीनं येऊन फुकट राबले, चिलखतं बनवणारे, कापडवाले, चांभार, खाटीक. आपलं श्रमदानच. आणि फाब्रिकाच्या कारकुनांनी हे सगळं लिहून ठेवलं. ते दप्तर आजही जपून आहे. इतिहासाच्या अभ्यासकांनी त्या वह्या उघडून बघितल्या, तेव्हा कोण कोण निघालं त्यात! मार्ता नावाची एक वेश्या. तिचं नाव आहे, तिचा धंदा लिहिलाय आणि तिनं दिलेली रक्कमही. कुणी म्हटलं नाही की हिचा पैसा नको, किंवा घेऊ पण नाव नको.

आणखी एक म्हातारी आहे त्यात, कातेरिना नावाची. गरीब होती, पाठीवर टोपली घेऊन गवंड्यांना माल वाहून द्यायची. देण्यासारखं काही नव्हतं म्हणून एके दिवशी तिनं अंगावरचा जुना, विटलेला कोट काढून वेदीवर ठेवला. थंडीचा देश आहे तो, कोट म्हणजे चैन नव्हे. दुसऱ्या एका देणगीदारानं पैसे भरून तो कोट सोडवला आणि तिच्या अंगावर परत घातला. फाब्रिकानं विचारपूस केली तेव्हा कळलं की तिला रोमच्या यात्रेला जायची फार इच्छा आहे. मग तिच्या वाटखर्चाला फाब्रिकानं पैसे दिले. हेही वहीत आहे. जमा आणि खर्च दोन्ही.

मी हे मराठीत सांगत होते आणि मावशी माझ्याकडं न बघता वर खांबांकडं बघत होत्या. काही बोलल्या नाहीत. त्या का बोलल्या नाहीत ते तुमच्यातल्या काही जणींना लगेच कळेल.

पुढचं थोडक्यात सांगते. काम चालू असताना फ्रान्स, जर्मनीकडून मोठमोठे जाणकार बोलावले. 1399 साली पॅरिसहून आलेला झाँ मिन्यो म्हणाला, तुमचं बांधकाम शास्त्राला धरून नाही, हे पडणार. बराच वाद झाला, शेवटी 1401 मध्ये त्याचीच रवानगी केली. इमारत अजून उभी आहे. हे ऐकून गटातला एक जर्मन गृहस्थ मोठ्यानं हसला.

दुओमोच्या छतावर चालता येतं, हे त्याचं खास. 251 पायऱ्या चढून जा, नाहीतर लिफ्टनं. मावशींचे गुडघे बघून आम्ही लिफ्ट घेतली, तिचे पैसे आमच्या तिकिटात होते. वर गेलं की दगडी कळसांचं जंगल, 135 कळस. बहुतेक प्रत्येकावर कुणीतरी संत उभा. आतबाहेरच्या मिळून 3400 मूर्ती आहेत. पावसाचं पाणी बाहेर फेकायला जनावरांच्या तोंडाचे दगडी पन्हाळे केलेत, आपल्या देवळांना गोमुख असतं तसे. सगळ्यात उंच कळसावर मेरीमातेची सोन्याचा मुलामा दिलेली तांब्याची मूर्ती, 1774 साली बसवलेली. मिलानचे लोक तिला लाडानं मादोन्निना म्हणतात, म्हणजे 'लहानशी माता', आणि आहे चार मीटरांहून उंच! दुसऱ्या महायुद्धात ती चमकून बाँब टाकणाऱ्या विमानांना खूण पटेल म्हणून तिला कापडांनी गुंडाळून ठेवली होती.

छतावर एका बाजूला परांची बांधलेली होती. धुरानं आणि पावसानं संगमरवर झिजतो, काळा पडतो, म्हणून दुरुस्ती कायम चालूच. खराब झालेला दगड काढून त्याच खाणीतला नवा बसवतात, जुन्या मूर्ती संग्रहालयात जातात. त्याचा खर्च तिकिटांतून आणि देणग्यांतून. काही वर्षांपूर्वी फाब्रिकानं 'एक कळस दत्तक घ्या' अशी मोहीमही काढली होती.

सव्वादोन तासांनी खाली उतरलो. गाईडनं यंत्रं गोळा केली. मावशींनी पिशवीतून वाकळेच्या तुकड्याची केलेली एक लहान थैली काढून तिला दिली. ती "ग्रात्सिए, ग्रात्सिए" म्हणत राहिली. म्हणजे धन्यवाद.

आता मावशी गप्प का झाल्या ते. चार वर्षांपूर्वी त्यांच्या गावात सभामंडप बांधला. गावातल्या अकरा गटांतल्या बायकांनी प्रत्येकी पन्नास रुपये दिले, आठ दिवस वाळू-खडी वाहिली, स्लॅबच्या दिवशी सव्वाशे माणसांच्या भाकरी थापल्या. मंडपाच्या दारात संगमरवराची पाटी लागली. पाच हजारांच्या वर देणाऱ्यांचीच नावं. समितीत विचारलं तर उत्तर मिळालं, पन्नास-पन्नासाची कुठं नोंद असते का. पावत्याही दिल्या नव्हत्या. सगळे मिळून साडेसात हजार रुपये होते ते. पाटीवरच्या निम्म्या नावांपेक्षा जास्त.

तेव्हा मीही मावशींना म्हटलं होतं, जाऊ द्या, देवाला माहीत आहे. आज सांगते, ते माझं चुकलं. समन्वयक म्हणून मी पहिल्या दिवशीच वही घालायला हवी होती. बचतीचा रुपया न रुपया लिहायला शिकवणारी मी, आणि गावच्या कामाला दिलेला पैसा हिशोबाबाहेर सोडला.

आल्यावर पंधरा दिवसांत मावशींनी तालुक्याच्या बाजारातून जाड पुठ्ठ्याची दोनशे पानी वही आणली. गटांच्या बैठकांतून आठवून आठवून लिहिणं चालू आहे. कुणी पैसे दिले, कुणी किती खेपा वाहिल्या, कुणी पीठ दिलं. दोघी बाया आता नाहीत, त्यांच्या सुनांकडून लिहून घेतलं. एका म्हातारीनं स्लॅबच्या दिवशी घरातली एकुलती एक कोंबडी विकून शंभर रुपये आणून दिले होते, ते कुणालाच माहीत नव्हतं. तिच्या नावापुढं मावशींनी कोंबडीही लिहायला लावली. आतापर्यंत 139 नावं झालीत. वही पुरी झाली की ती ग्रामसभेत वाचून दाखवायची असं ठरलंय. समिती पाटीवर आणखी एक दगड लावू देईल की नाही, ते अजून ठरलेलं नाही. काही जणी म्हणतात पाटी नको, वहीच मंडपाच्या कपाटात ठेवा. त्यावर येत्या मंगळवारच्या बैठकीत बोलायचंय. ज्यांचं नाव अजून राहिलंय त्यांनी दुपारी दोनच्या आत यावं, आणि येताना शेजारणीलाही विचारून यावं.